दोन बोटं वर आलेली जमीन

धोंडप्पाचं दार आठ दिवसांपासून लागत नव्हतं. आत ढकललं की अर्ध्यावर जमिनीला रुतून बसायचं. मग ओढा नाहीतर लाथ घाला, जागचं हलायचं नाही. मुडबीच्या त्या आळीत शेरडं, कुत्री, कोंबड्या सगळी मोकळीच. परवा एका शेरडानं बियाण्याच्या टोपलीत तोंड घातलं. कल्याणीच्या बाजारातून निवडून आणलेली ज्वारी ती. पेरणी तोंडावर आलेली, सगळं गाव रानात, आणि हा एकटा टोपली राखत उंबऱ्यावर. ती ज्वारी गेली तर यंदा पेरायचं काय?

शेवटी त्यानं वीरण्णा सुताराला बोलावलं. वीरण्णानं बिजागऱ्या हलवून बघितल्या, फळ्यांवरून हात फिरवला, मग खाली बसून जमिनीवर पंजा टेकला.

"दार चांगलं हाय की. तुझी जमीनच वर आल्याय, दोन बोटं. सारवतंय कोण?"

"मीच. अमावस्येच्या अमावस्येला."

"आन् आधी खरवडत न्हाईस?"

धोंडप्पा टोपली सरकवू लागला. शेजारची गुरुबाई घागर घेऊन चालली होती, ती थांबली. "दोन साल सांगायलेय मी ह्यास्नी. जुने पोपडे काढा, मग हात फिरवा. ऐकतंय कोण? अजून धा वर्सांनी अण्णाला रांगत घरात जावं लागंल."

वीरण्णा हसला. धोंडप्पाही हसल्यासारखा झाला.

त्याला ठाऊक नव्हतं असं नाही. तीस वर्षं त्यानं बायकोला, शरणम्माला, आधी खुरपं आणि मग शेणमाती घेऊन बसताना पाहिलं होतं. दोन वर्षांमागं वैशाखात ती गेली. जाण्याआधी चार दिवस तिनं हीच खोली सारवली होती. भिंतीपासून उंबऱ्यापर्यंत तिच्या बोटांच्या कमानी, फुटक्या बांगड्यांसारख्या. पुढच्या अमावस्येला तो खुरपं घेऊन बसला, बराच वेळ बसला, आणि तिच्या सारवणावरूनच त्यानं आपला हात फिरवला. खाली तिचं राहील म्हणून. मग दर महिन्याला तेच.

"दारच तासून दे," तो म्हणाला.

"खालची आडपट्टी तासली की फळ्या सुट्या. मग दारच न्हाई राहायचं," वीरण्णा उठत म्हणाला. "खुरपं घे. माझं काय काम न्हाई हितं."

ते दोघं गेल्यावर धोंडप्पानं टोपलीकडं पाहिलं आणि खुरपं घेतलं. वरवरचं हळूच काढायचं, तिचं लागलं की थांबायचं, असा त्याचा बेत. पण थर सुटे होईनात. सगळे एकात एक जिरलेले, भाकरीएवढा तुकडाच निघून आला. त्यानं तो उजेडात धरला. कडेला बारीक बारीक रेघा, सगळ्या एकाच रंगाच्या. आपलं कुठं सरलं आणि तिचं कुठं लागलं, काही कळेना. त्यानं फुंकर मारली, बोटानं चाचपलं. कमान कुठंच नव्हती. मग तो थांबला नाही.

दुपारी दार सरळ जाऊन चौकटीला टेकलं.

गुरुबाई परत आली. खरवडलेल्या पोपड्यांचा ढीग बघून तिचा आवाज उतरला. "अण्णा, मी देते की हात फिरवून."

"नको. करतो मी."

टोपली बाहेर कट्ट्यावर ठेवून त्यानं पातळ सारवलं, भिंतीपासून मागं मागं सरकत, आणि उंबऱ्याबाहेर आला. ओल्या जमिनीवर कोंबड्या नाचू नयेत म्हणून दार ओढून घेतलं आणि टोपलीशेजारी बसला.

रानातून बैल घेऊन येणारा बसवंतप्पा थबकला. "दार लावून भाईर कामून बसलास? कुणाची वाट बघायलास?"

"कुणाची न्हाई. वाळायलंय आत."

"व्हय व्हय," म्हणून बसवंतप्पा गेला.

शरणम्मा असताना सारवणाच्या दिवशी तो असाच कट्ट्यावर बसायचा. ती पायाच्या अंगठ्यानं जमीन दाबून बघायची आणि आतूनच म्हणायची, "या आता." ऊन भिंतीवरून खाली उतरलं. आतलं वाळलंही असेल. धोंडप्पा बसूनच राहिला.