बेबीच्या लग्नातला माईक

पुंजारामदादा पगारेंचा आवाज गेला तो एकोणऐंशीच्या मे महिन्यात, ऐन लग्नसराईत. तसे ते नाशिक नगरपालिकेच्या पाणीपट्टी खात्यात कारकून. पण कॉलनीत त्यांना सगळे ओळखत ते माईकवरचा माणूस म्हणून. लग्न असो, जयंती असो, कुणाचा निरोप समारंभ असो, सूत्रसंचालन पुंजारामदादांचंच. माईक हातात आला की त्यांची छाती दोन बोटं पुढे यायची. साध्या माणसाचं नाव घेतानाही ते आधी चार विशेषणं लावत, मग नाव, आणि मग टाळ्यांसाठी थांबत.

एकाच आठवड्यात तीन लग्नं केली आणि घसा धरला. डॉक्टरांनी आरसा घालून पाहिलं आणि बजावलं, “महिनाभर तोंडातून शब्द काढायचा नाही. कुजबुजायचंसुद्धा नाही. ऐकलं नाहीत तर आवाज कायमचा जाईल.”

त्याच संध्याकाळी सहादू घरी आला. सहादू त्यांचा शेजारी आणि जुना मित्र. त्याच्या थोरल्या मुलीचं, बेबीचं, लग्न रविवारी होतं. वऱ्हाड येवल्याहून येणार होतं.

“दादा, आता कसं करायचं?” सहादू खाटेच्या कडेला टेकत म्हणाला. “मंगळू मास्तरांना विचारू का? ते येतील म्हणतात.”

मंगळू मास्तरांचं नाव निघताच पुंजारामदादा ताडकन उठून बसले. मास्तर गेली कित्येक वर्षं त्या माईकवर डोळा ठेवून होते. दादांनी कोनाड्यातली पोरांची जुनी पाटी काढली आणि खडूने मोठ्ठं लिहिलं: ‘विमल करील.’

विमलाबाई तेव्हा शिलाई मशीनवर कुणाच्या तरी ब्लाउजला बाही लावत होत्या. सहादूने पाटी त्यांच्याकडे वळवली. त्यांनी वाचली, पाय थांबवला आणि नवऱ्याकडे पाहिलं.

“मला विचारलंत का?”

दादांनी पाटी पुसली. लिहिलं: ‘वीस वर्षं ऐकतेस.’

ते मात्र खरं होतं. प्रत्येक लग्नाआधी दादा याच खोलीत येरझाऱ्या घालत तालीम करत, आणि मशीनच्या खडखडाटातून ती विमलाबाईंच्या कानावर पडत राही. पण ऐकणं वेगळं. चारचौघांत उभं राहून त्या आजवर एवढंच बोलल्या होत्या, की माप चुकलेलं नाही, तुमचंच अंग वाढलंय.

“वहिनी, नाही म्हणू नका,” सहादू म्हणाला. “बेबी तुमच्या अंगाखांद्यावर वाढली.”

विमलाबाईंनी पुन्हा मशीन सुरू केलं. हा काही नकार नव्हे, असं समजून सहादू उठला.

दुसऱ्या दिवसापासून तालीम सुरू झाली. दादांनी सगळं भाषण कागदावर उतरवून दिलं. आधी तथागत आणि बाबासाहेबांच्या प्रतिमांना पुष्पहार, मग पाहुण्यांचं स्वागत, मग बौद्धाचार्यांना विनंती. विमलाबाई भिंतीला पाठ लावून वाचत आणि दादा खाटेवरून ऐकत. चुकलं की ते खाटेच्या दांडीवर बोटाने टकटक करत. टकटक झाली की थांबायचं आणि पाटीवर काय आलंय ते पाहायचं. ‘सावकाश.’ ‘मान वर.’ ‘मोठ्याने.’ एकदा नुसतंच ‘अरेरे’.

काळूभाऊंच्या नावापाशी मात्र गाडी अडली. काळूभाऊ म्हणजे भागातले पुढारी. लग्नात ते येणार आणि बोलणार हे ठरलेलंच. कागदावर त्यांच्या नावाआधी तीन ओळी होत्या.

“समाजभूषण, दीनदुबळ्यांचे कैवारी, तरुणांचे आशास्थान…” विमलाबाईंनी कागद खाली केला. “अहो, हे सगळं त्यांना कोणी दिलं?”

दादांनी स्वतःच्या छातीवर बोट ठेवलं.

“मग काढून पण घेता येईल.”

टकटक इतक्या जोरात झाली की शेजारच्या खोलीतून कुणीतरी काय झालं म्हणून विचारलं. विमलाबाईंनी पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचलं. शनिवारपर्यंत त्यांना सगळं पाठ झालं. पण तोंडात बसेना. दुसऱ्याच्या मापाचा ब्लाउज घातल्यासारखं वाटत होतं. कुठे सैल, कुठे काखेत काचणारा. तसं त्यांनी दादांना सांगितलं नाही. आजारी माणसाला कशाला सांगायचं.

रविवारी विहाराशेजारच्या मैदानात मांडव भरला. लग्न अकराचं. विमलाबाई पांढरी साडी नेसून माईकपाशी गेल्या. “मावशी, जरा जवळून बोला,” माईकवाला म्हणाला. त्यांनी “जयभीम” म्हटलं आणि भोंग्यातून तो शब्द मैदानभर गेला, विहाराच्या भिंतीवर आपटून परत आला. तो आवाज आपला आहे हे कळायला त्यांना थोडा वेळ लागला. कुणीतरी दुसरीच बाई बोलते आहे असं वाटलं. आणि तसं वाटल्यामुळेच की काय, भीती जरा उतरली.

पुष्पहार झाले. स्वागतं झाली. पण दादा जे घोळवून घोळवून सांगत, ते त्यांनी कपडा कापावा तसं सरळ कापत नेलं. कागद संपला, आणि वऱ्हाडाचा पत्ता नव्हता. तेवढ्यात सायकलवरून एक जण निरोप घेऊन आला. वऱ्हाडाचा ट्रक निफाडपाशी पंक्चर होऊन उभा होता. तिथून कुणीतरी कॉलनीतल्या दुकानात फोन करून कळवलं होतं.

मांडवात चुळबुळ सुरू झाली. पत्रावळींनी वारा घेणं सुरू झालं. पहिल्या रांगेतून पुंजारामदादा दोन्ही हात बाजूला ताणून दाखवत होते: वाढव, वाढव. त्यांच्या मागे मंगळू मास्तर हाताची घडी घालून शांत बसले होते.

विमलाबाईंनी ट्रकचं सांगून टाकलं. पाण्याचे माठ मागच्या बाजूला आहेत ते सांगितलं. कुणाचं तरी लाल झबल्यातलं पोर हरवलं होतं, त्याच्या आईला पुढे बोलावलं. मग सांगण्यासारखं काही उरलं नाही. त्यांची नजर बायांच्या घोळक्यात बसलेल्या बायडाबाईवर गेली. कॉलनीतली निम्मी पोरं या सुईणीच्या हातून जन्मलेली.

“बायडाबाई, पुढे या. बेबी कशी जन्मली ते तुम्हीच सांगा.”

“म्या?” म्हणत म्हातारी उठली आणि माईक हातात आल्यावर मागे हटली नाही. “आता काय सांगू! ही पोर टांग्यात जन्मली. दवाखाना लय लांब, आन् सहादूनं आनलेला टांगा बैलगाडीवानी चाललेला. म्या म्हणलं, आरं थांबीव! तर ह्यो म्हनतो, मावशी, थांबलं तर उशीर व्हईल. आरं, पोरगी बाहेर आली हाय, आता कसला उशीर!”

मांडव हसला. सहादूने टोपी डोळ्यांवर ओढली. “ह्यो टांगेवाल्याच्या गळ्यात पडून रडला,” बायडाबाई म्हणाली. “घोडं बी बावरलं. पोर माझ्या लुगड्यात गुंडाळून घरी आनली. ते लुगडं अजून दिलं नाय यानं.” विहाराच्या खोलीत नटून बसलेली बेबी भोंग्यातून हे सगळं ऐकत होती. हसताना तिचे डोळे भरले आणि काजळ गालावर आलं, असं नंतर कळलं.

बायडाबाईनंतर आणखी दोघीतिघी उठल्या. ट्रक आला तेव्हा मांडवातला हशा ऐकून वऱ्हाडाला वाटलं, आपल्याशिवायच लग्न लागलं की काय.

बौद्धाचार्यांनी त्रिशरण, पंचशील दिलं, मंगलगाथा झाल्या, फुलं पडली. ‘साधू, साधू, साधू’ झालं. आणि मग काळूभाऊ आले. पाच-सात माणसं घेऊन समोरच्या खुर्च्यांवर बसले. दुपार टळायला आली होती. मागे आचारी कढईपाशी कमरेवर हात ठेवून उभा होता आणि पोरं रडू लागली होती.

विमलाबाई काही म्हणायच्या आत पुंजारामदादा उठले. काळूभाऊंचं स्वागत असं तसं होणं त्यांना सोसणारच नव्हतं. त्यांनी माईक हातात घेतला, छाती पुढे केली, तोंड उघडलं. भोंग्यातून नुसती हवा आली. फुसकन.

विमलाबाईंनी दादांचा चेहरा पाहिला. हा माणूस आवाज कायमचा घालवून बसेल, एवढंच त्यांच्या मनात आलं. त्या पुढे झाल्या आणि माईक आपल्याकडे घेतला.

“तुम्ही नुसते ओठ हलवा,” त्या हळूच म्हणाल्या. “मी सांगते.”

दादांचे ओठ हलू लागले. समाजभूषण, दीनदुबळ्यांचे कैवारी. विमलाबाईंना सगळं स्पष्ट दिसत होतं.

“दादा म्हणतात,” त्या माईकवर म्हणाल्या, “काळूभाऊ वेळात वेळ काढून आले, बरं वाटलं.”

ओठ हलतच होते. तरुणांचे आशास्थान.

“दादा म्हणतात, भाऊंनी बेबीला आणि जावईबापूंना आशीर्वाद द्यावा. ऊन फार झालंय, पोरं भुकेली आहेत. म्हणून भाऊंनीच पहिली पंगत बसवून द्यावी.”

दादांचे ओठ थांबले. त्यांनी बायकोकडे पाहिलं. विमलाबाईंनी नजर वळवली नाही. त्यांना वाटलं, आता हे माईक हिसकावतील. पण दादांनी खाली पाहिलं आणि काळूभाऊंच्या दिशेने हात जोडले. काळूभाऊंनी खिशातलं भाषण चाचपलं, मागे पंगतीकडे सरकणाऱ्या लोकांकडे पाहिलं, आणि दोन शब्दांत आशीर्वाद देऊन ते हसत हसत वाढायला उभे राहिले. खूश नव्हते, पण वाढलं मात्र नीट.

घरी आल्यावर पुंजारामदादा दोन दिवस पाटीला शिवले नाहीत. विमलाबाईंनीही समजूत काढली नाही. तिसऱ्या दिवशी त्यांनी चहा पुढे ठेवला, तो दादांनी घेतला, आणि गोष्ट तिथेच मिटली. महिन्याने आवाज परत आला, थोडा घोगरा. दादा पुन्हा लग्नांत माईकवर उभे राहू लागले. विशेषणं पूर्वीइतकीच होती.

पुढच्या हिवाळ्यात एकाच दिवशी दोन आमंत्रणं आली. देवळालीचं दादांना, चांदवडचं विमलाबाईंना. चांदवडच्या मुलीची आई बेबीच्या लग्नाला होती. दादांनी चांदवडचं कार्ड दोनदा वाचलं आणि कोनाड्यात ठेवलं. सकाळी दोघं एकदमच घराबाहेर पडले. दादांनी त्यांना एसटीत बसवून दिलं, खिडकीपाशी येऊन “माईक तोंडापासून चार बोटं लांब धर” एवढं सांगितलं, आणि मग आपली गाडी पकडली.

दिवेलागणीला विमलाबाई परतल्या. दादा बऱ्याच उशिरा आले.

“किती वेळ चाललं तुझं?” चपला काढत त्यांनी विचारलं.

“दोन वाजता जेवणं उरकली. तुमचं?”

“आत्ता संपलं.” ते भिंतीला टेकून बसले. “जेवायचं राहिलंच.”

विमलाबाईंनी स्टोव्ह पेटवला आणि परातीत पीठ घेतलं.