धबधबेवाले

सिनेमा अजून मुका होता तेव्हाची गोष्ट. तिचा नवरा सिनेमासाठी धबधब्यांची आणि सरोवरांची हलती चित्रं घ्यायचा. गावात त्याला सगळे ‘धबधबेवाले’च म्हणत. कॅमेरा पाठीला लावून निघाला की आठ-आठ दिवस घराकडे फिरकायचा नाही.

या खेपेला तो परतला आणि तिने त्याचे बूट झटकले. डोंगरातला चिखल नाही, पिठाची धूळ पडली. तिच्या मनात पाल चुकचुकली.

“धबधब्याखाली पीठ दळतात वाटतं?”

“वाटेत एका गिरणीत मुक्काम केला,” तो भलतीकडेच बघत म्हणाला. हल्ली तो तिच्याकडे धड बघतच नसे.

शनिवारी ती थेटरात जाऊन बसली. पडद्यावर ‘दूरच्या डोंगरातलं सरोवर’ झळकलं. लोकांनी तोंडात बोटं घातली. तिने मात्र काठावरचा मोडका खांब ओळखला. हे तर गावाबाहेरच्या पाणचक्कीचं तळं! म्हणजे हा माणूस आठ दिवस हाकेच्या अंतरावर होता. कुणासाठी? पाणचक्कीवाल्याची बिनलग्नाची बहीण तिथेच राहायची. झालं, तिच्या डोक्यात भुंगा शिरला.

पुढच्या वेळी तो निघाला तशी तीही अंतर राखून मागे निघाली. पाणचक्कीच्या बांधाशी ती बहीण वाटच पाहत होती. तिने पुढे होऊन त्याचा हात धरला. हिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तरातरा जाऊन ती दोघांसमोर उभी ठाकली.

बहीण चपापली. नवरा मात्र बायकोच्या तोंडाकडे रोखून बघत म्हणाला, “कोण आहे?”

“नाटकं पुरेत!”

आवाज ऐकून त्याचा चेहरा उतरला.

“वहिनी, त्यांना नीट दिसत नाही हो,” बहीण म्हणाली. “कड्यावर पाय घसरला तेव्हापासून डोंगर बंद. इथल्या दगडांवरून मीच नेते. कुणाला सांगायचं नाही म्हणून शपथ घातलीय त्यांनी.”

“मलाही नाही?”

“धबधबेवाल्यालाच धबधबा दिसत नाही,” तो म्हणाला, “हे कुठल्या तोंडाने सांगू?”

तिला रडू आलं, रागही आला. काहीतरी करायचं म्हणून तिने कॅमेऱ्याला डोळा लावला. बांधावरून हातभर पाणी ओघळत होतं.

“याला धबधबा म्हणता? खऱ्यावर जाऊ. मी बघते, तुम्ही हँडल फिरवा.”

महिन्याभराने दोघं डोंगरात गेली. चित्र जरा तिरपं आलं, तरी थेटर टाळ्यांनी दणाणलं. पाणचक्कीवाल्याच्या बहिणीशी मात्र ती पुढे कितीतरी दिवस तुटकच बोलायची.