तिसरी घळ

झुंबरने जिवल्याच्या अंगणात पिंजरा ठेवला, तेव्हा जिवल्याने आधी पाखराची शेपटी पाहिली. रानात गाणाऱ्या श्यामा पक्ष्याचा नर होता. लांब काळी शेपटी सळ्यांना घासून निम्मी झाली होती. चार वर्षांपूर्वी बोईसरच्या बाजारात जिवल्यानेच तो झुंबरला विकला होता.

"कंपनीतली नोकरी संपली, दादा. बीडला परत चाललोय," झुंबर म्हणाला. "तिकडं असलं रान नाही. जिथं धरलात तिथंच सोडू याला."

जिवल्याचे गुडघे केव्हाच कामातून गेले होते. तरी तो उठला, आणि दोघं मासवण गावामागच्या डोंगराला लागले.

पहिल्या घळीत बांबूच उरला नव्हता. रस्त्याच्या कामाची माती वरून ओतली होती, ओढा तिच्याखाली गेला होता.

"हितंच धरला होता," एवढंच म्हणून जिवल्या पुढे निघाला.

दुसऱ्या घळीत सावली होती, पाणी होतं. झुंबरने दार उघडलं. पाखरू फांदीवर टेकतंय न टेकतंय, तोच झाडीतून दुसरा नर सुटला आणि त्याला चोचीने झोडपू लागला. पाखरू धडपडत खाली पडलं. जिवल्याने त्यावर पंचा टाकला आणि त्याला अलगद उचलून पिंजऱ्यात घातलं.

"जागा त्याची हाय. दुसऱ्याला ऱ्हाऊ देणार नाय."

ऊन डोक्यावर आलं. झुंबर धापा टाकत म्हणाला, "राहू द्या दादा, नेतो गावाला."

"आता आलाव ना एवढं. चल."

तिसऱ्या घळीत बांबू दाट होता, पाचोळा ओलसर. मार्च म्हणजे श्यामाचे गाण्याचे दिवस, पण एकही आवाज नव्हता.

"ही तर मोकळीच आहे!" झुंबर खूश झाला.

जिवल्या दगडावर बसला. "मोकळी नवती. दोन वर्सांमागं हितला नर मीच नेला. पयले एक नेला का बाजूच्या रानातून दुसरा येय. आता बाजूला रानच नाय. येल कुठून?"

झुंबरने दार उघडलं. पाखरू बराच वेळ आतच बसून राहिलं. मग बाहेर उतरलं, पाचोळा उलटला, एक किडा उचलला आणि बांबूत दिसेनासं झालं.

"जगेल ना?"

"किडा धरला. जगंल."

इथे मादी आहे का, हे झुंबरने विचारलं नाही. जिवल्याला तेवढंच बरं वाटलं. दगडाला हात टेकून तो उठला. उतरताना गुडघे जास्त दुखायचे.