त्याच नावाचा परवाना

किल्लीवाल्याने टेबलावरचा अर्ज परवाना अधिकारी मॅडमकडे परत सरकवला. त्यावर त्याच्या बायकोचं नाव घातलेलं होतं.

"हा नको. माझा निलंबित केलेला परवाना पूर्ववत करून द्या."

मॅडमनी चष्मा काढून डोळे चोळले. "अहो, बायकोच्या नावाने नवा लगेच मिळेल. जुन्याचं भिजत घोंगडं कशाला?"

शेजारी बसलेल्या दादाने, त्याच्या थोरल्या भावाने, त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. "पाटीवर नाव कुणाचं का असेना. हात तर तुझेच चालणार ना?"

किल्लीवाल्याने गुडघा बाजूला घेतला. त्याने कुलपं बसवलेल्या एका घरात दार न फोडता चोरी झाली होती. जादा किल्ली त्यानेच स्वतःकडे ठेवली असणार, असं पोलिसांनी गृहीत धरलं. परवाना गेला, दुकान बंद पडलं. तो दुसऱ्याच्या गोदामात खोकी उचलत राहिला, पण कोर्टाची एकही तारीख त्याने चुकवली नाही. अखेर त्याची निर्दोष सुटका झाली.

"निकाल तुमच्यासमोर आहे," तो म्हणाला. "मी सुटलो. मग माझं नाव अजून आत का?"

"लोक बोलतात हो. उद्या काही झालं तर जाब मला विचारतील."

"मग नाही म्हणा. पण कागदावर लिहा, कारणासकट. खाली सही करा."

मॅडमनी पेनाचं टोपण काढलं. निकालाचं शेवटचं पान पुन्हा वाचलं. पेन हातातच राहिलं. किल्लीवाला बाहेरच्या बाकावर जाऊन बसला. जेवणाची सुट्टी झाली, संपली. दादाने घरी चल म्हणून दंडाला धरलं, तरी तो हलला नाही. शिपाई खिडक्या लावू लागला तेव्हा मॅडमनी किल्लीवाल्याला आत बोलावलं. परवान्यावर ताजा शिक्का होता आणि नाव त्याचंच होतं.

"जिंकलास बाबा," घराशी आल्यावर दादा म्हणाला. "चल वर, चहा घेऊ."

दादा वरच्या मजल्यावर राहायचा. खटला उभा राहिल्यापासून भेटायला तोच खाली यायचा. वर ये असं आज पहिल्यांदाच म्हणाला होता. दारापाशी पोचल्यावर मात्र किल्ली काढता काढता दादाचा हात खिशातच थांबला.

किल्लीवाल्याने दाराकडे पाहिलं. इथलं कुलूप त्याने स्वतः बसवलं होतं. ते आता नव्हतं. त्या जागी दुसऱ्याच कुणाच्या तरी हातचं नवं कुलूप होतं.

"तुझ्या वहिनीला भीती वाटायची," दादा पुटपुटला.

"वहिनीला?"

दादा दारापासून बाजूला सरकला.

किल्लीवाला वाकला. कुलपाची पट्टी अंगठ्याने दाबून पाहिली, ती हलली.

"स्क्रू आखूड घातलेत. एका धक्क्यात निखळेल." तो सरळ उभा राहिला. "उद्या दुकान उघडतोय. ये. चांगलं कुलूप देतो."

आणि चहाला न थांबता तो जिना उतरू लागला.