शेजारचा रेडिओ

स्टुडिओत ओल्या गोणपाटावर पट्टा कडाडला आणि मास्तरांचा हात नकळत खिशाकडे गेला. पत्र तिथेच होतं. तीन आठवडे झाले, त्याला उत्तर गेलं नव्हतं.

'तुमच्या मालिकेत मारहाण सुरू झाली की हे रेडिओ मोठा करतात आणि मला मारायला घेतात. शेजाऱ्यांना वाटतं, नाटक रंगलंय. उत्तर धाडू नका, टपाल हेच उघडतात.' वर पत्ता होता. खाली सहीच्या जागी नुसतं 'जिन्याखालची'.

मालिका मास्तरच लिहीत आणि बसवीत. सगळं थेट हवेत जाई. मारहाण गाळावी, असं त्यांनी दहादा ठरवलं. पण मग तो दुसरा आडोसा शोधेल. शेवटी आजची मारहाण त्यांनी नेहमीपेक्षा भयंकर लिहिली. म्हणजे या क्षणी तिकडेही पट्टा निघाला असणार, आणि तो आपणच काढायला लावला होता.

लाल दिवा लागण्यापूर्वी नायिका हसली होती. "आमच्या ह्यांनी आजवर बोट लावलं नाही, आणि तुम्ही मात्र दर आठवड्याला बडवून काढता, मास्तर!"

आता काचेपलीकडे ती माईकला चिकटून किंचाळत होती. आवाजवाल्याने खोक्यावर लाथ घातली, वाळकी काटकी काडकन मोडली. ते हाड.

"ओरड!" खलनायक गरजला. "बघू कोण येतंय!"

मास्तरांनी माईकचं बटण खाली ओढलं.

केंद्राचे साहेब धावत आले. "डोकं फिरलंय का? हवेत काहीच जात नाहीये!"

"शांतता जातेय, साहेब."

साहेबांनी त्यांची कॉलर धरून हिसका दिला. चष्मा फरशीवर पडून फुटला. जन्मात कुणाला उलट न बोललेल्या मास्तरांनी बटण मात्र सोडलं नाही. शेवटी साहेबांनीच त्यांची बोटं एकेक करून उचकटली.

मग फोन सुरू झाले. तक्रारी, शिव्या. साहेबांनी रिसीव्हर मास्तरांच्या हातात कोंबला. "तुम्हीच निस्तरा."

कितव्या तरी फोनवर एका बाईंचा श्वास फुलला होता.

"अहो, मघाशी तुमचा आवाज बंद पडला होता ना?"

"हो."

"आमचाही रेडिओ गप्प झाला, आणि जिन्याखालच्या घरातलं ओरडणं काही थांबेना. आम्ही दार फोडलं. इतके महिने रेडिओच समजत होतो हो आम्ही!"

"त्या... कशा आहेत?"

"हात मोडलाय. पण आहे, इथं माझ्याजवळच आहे. त्याला पोलिसांनी नेलं."

काटकीचे दोन तुकडे अजून स्टुडिओत पडले होते. मास्तरांनी ते उचलले. कुठे ठेवावेत ते सुचेना.

आठवडाभर ते कागद फाडत राहिले. इतकी वर्षं पानंच्या पानं संवाद लिहिलेल्या माणसाला दोनच ओळी जमल्या: 'आपलं पत्र मिळालं. उत्तराला उशीर झाला.'

पाकिटावर त्यांनी नाव घातलं नाही. लिहिलं, 'जिन्याखालचं घर'. टपालपेटीच्या तोंडात हात घालून ते थोडा वेळ तसेच उभे राहिले. मग पाकीट सोडलं. ते तळाशी पडल्याचा आवाज येईपर्यंत त्यांनी हात बाहेर काढला नाही.