संगीत नंतर भरू

हात हलवत दिग्दर्शक क्रिश्तोफने संगीत बंद करायला लावलं.

"आता एकदा संगीताशिवाय करा."

मिलुशेचे हात हवेतच राहिले. "अहो, तालाशिवाय कवायत करायची तरी कशी?"

"संगीत नंतर भरू, मिलुशेबाई. तुमचा मान राखणारा माहितीपट आहे हा."

शेजारी ब्लांका धापा टाकत होती. तिच्या खुब्याचं ऑपरेशन होऊन वर्षही झालं नव्हतं. ती यायला तयारच नव्हती. मिलुशेनेच हातापाया पडून तिला आणलं होतं. कम्युनिस्टांच्या काळात प्रागच्या स्त्राहोव्ह मैदानावर, हजारो बायकांत, या दोघींनी शेजारी उभं राहून हीच कवायत केली होती. मग राजवट गेली आणि त्या उन्हाळ्याचं नाव काढायचीही चोरी झाली. मिलुशेला मात्र तो आयुष्यातला सगळ्यात सुखाचा उन्हाळा वाटायचा. ते सुख एकदा तरी चारचौघांनी खरं मानावं, एवढंच तिला हवं होतं. दोघींनी कंबर कसली आणि संगीताशिवायही कवायत केली.

वसंतात माहितीपट त्यांच्या गावी, ख्रुदिममध्ये, दाखवला गेला. गावातले सगळे ओळखीचे आले होते. दोघी केस बसवून, नव्या ब्लाउजात पहिल्या रांगेत बसल्या.

संगीत भरलंच नव्हतं. ऐकू येत होत्या त्या धापा, बुटांची फरफट आणि क्रिश्तोफचा गंभीर आवाज.

"आपल्या राष्ट्राला वाकायची सवय लागली ती अशी."

नेमकी तेव्हाच पडद्यावर ब्लांका वाकली, आणि तिला सरळ होता येईना. मागे कुणीतरी फिसकन हसलं. मग सगळं सभागृहच हसू लागलं.

मिलुशेची कानशिलं तापली. मागेच तिचा जावई बसला होता. पुढची पाळी आपली, हे तिला कळून चुकलं. ती झटकन मागे वळली.

"अगंबाई, ही म्हैस बघा!" ती मोठ्याने म्हणाली. "सांगत होते मी हिला, घरी बस म्हणून!"

हशा दुप्पट झाला. जावयाने तिच्या खांद्यावर थाप मारली. मिलुशेला इतकं हायसं वाटलं की तीही पोट धरून हसली.

ब्लांकाही थोडी हसली. मग तिच्याकडे झुकून हळूच म्हणाली, "खरंच इतकं वाईट दिसतंय का गं?"

पडद्यावर आता मिलुशेचा स्वतःचा घामेजलेला चेहरा आला होता, आणि मागे जावई अजून हसत होता.