लियाऊ गुरुजींच्या ग्रंथाची राख

लियाऊ गुरुजींनी ग्रंथ लिहिलाय हे डोंगराखालच्या त्या गावात सगळ्यांना ठाऊक होतं, कारण त्याचा उपद्रवही सगळ्यांनाच झाला होता. 'उच्चार आणि वस्तू यांचा विचार' असं त्याचं भारदस्त नाव. नेमकं, पूर्ण आणि मनापासून मांडलेलं वाक्य जगाला मानावंच लागतं, हा त्यातला सिद्धान्त. त्यापायी गुरुजींचे केस पांढरे झाले, बायको माहेरी गेली ती गेलीच, आणि तिसऱ्या प्रकरणातल्या एका उदाहरणामुळे शेजाऱ्याच्या बदकांनी वर्षभर चौकोनी अंडी घातली. ज्याला खोटं वाटेल त्याने बदकांना विचारावं.

त्या वर्षी पावसाने दडी मारली. भातखाचरं भेगाळली, लोक रताळ्याची पानं उकडून खाऊ लागले. सरकारी कोठार तांदळाने भरलेलं होतं. पण दुष्काळ पडलाय असं वर कळवल्याशिवाय ते उघडत नसे. आणि जिल्ह्याचे अंमलदार प्येन साहेब यांना तर सगळं आलबेल आहे असंच कळवायचं होतं. बढती तोंडावर आली होती ना!

साहेबांची पालखी थेट गुरुजींच्या अंगणात टेकली.

"गुरुजी, एक ओळ लिहायची. 'या जिल्ह्यात उपाशी माणूस नाही.' लोकांचंही भलं, माझंही."

"नाही लिहिणार."

"का? तुमच्याच शास्त्राने पोटं भरतील की त्यांची!"

"साहेब, जग आळशी आहे. वाक्य खरं करताना ते सगळ्यात सोपी वाट धरतं. एवढ्या पोटांत भात घालण्यापेक्षा उपाशी माणसंच नाहीशी करणं त्याला सोपं. सकाळी उठाल तर गाव रिकामं."

साहेबांनी जरा विचार केला. "पण वाक्य तर खरं ठरेल ना?"

गुरुजी ताडकन उठले. "चालते व्हा माझ्या अंगणातून!"

"ग्रंथ जाळीन तुझा!"

"जाळा की! तुमच्या मुदपाकखान्यात डुकराचे पाय शिजत असतील, घाला त्या चुलीत. आच छान लागेल."

साहेबांचा चेहरा पांढराफटक पडला. अक्षर उमटलेला कागद त्या मुलखात कुणी पायदळी येऊ देत नसे. थाओ-मोई काकू टोपली आणि चिमटा घेऊन गावभर असे कागद वेची, देवळापुढच्या कागदभट्टीत जाळी आणि राख वाजतगाजत नदीत सोडी. साहेब तर अक्षरांच्या जोरावरच परीक्षा पास होऊन खुर्चीत बसलेले.

"मला रानटी समजलास? शाईचा कागद डुकराखाली? ग्रंथ रीतीनेच जळेल. भट्टीत! राख नदीत, सनई लावून!"

"जशी आज्ञा," म्हणत गुरुजींनी मान खाली घातली. ओठांवर आलेलं हसू लपवायला दुसरी जागा नव्हती.

भट्टीत पहिला खंड पडला तेव्हा मात्र त्यांचा हात आपसूक पुढे गेला. तो त्यांनी पाठीमागे दाबून धरला.

"भाऊजी, जन्म गेला तुमचा ह्यात," काकू धुराने डोळे पुसत कुजबुजली. "एक टिपूस तरी गाळा."

"काकू, शेवटचं प्रकरण वाचलंय कुणी?"

"तुमचं पहिलं तरी कुणी वाचलंय?"

"त्यात लिहिलंय: कागदावरचा शब्द एकट्या लिहिणाऱ्याचा. चुलीत जळला तर मेला. मानाने जाळून पाण्यात सोडला, तर जो ते पाणी पिईल त्याचा."

काकूने राखेच्या मडक्याकडे पाहिलं, मग नदीकडे. सगळं गाव पाणी भरायचं त्या उरल्यासुरल्या डोहाकडे. आणि ती सनईवाल्यांवर कडाडली, "मेल्यांनो, श्वास घरी ठेवून आलात का? फुंका जोरात!"

सकाळपर्यंत घरोघरी ते पाणी पिऊन झालं. एकीने नवऱ्याला "धोंडा आहेस नुसता" म्हटलं आणि तो कमरेपर्यंत खडकाचा झाला. रडतभेकत तिने शब्द मागे घेतले तेव्हा कुठे त्याचे गुडघे वाकले. गुरुजी दारोदार सांगत फिरले, "आज भांडायचं नाही. सगळ्यांनी मिळून एकच वाक्य, तेही कोठारापुढे."

कोठारापुढे गर्दी जमली. चहाची पानं, तीळ-शेंगदाणे कुटून त्यावर उकळतं पाणी ओतलेल्या गावठी चहाची वाटी हातात घेऊन साहेब पायरीवर आले. सुरुवातीला नाक मुरडणाऱ्या या उत्तरेच्या माणसाला आता तो चहा प्यायल्याशिवाय सकाळी काही सुचत नसे.

"हे दार उघडलं," ते गरजले, "तर मी या जिल्ह्याचा अंमलदार नव्हेच!"

गुरुजींनी वाटीत डोकावून पाहिलं. "चहा कुठल्या पाण्याचा, साहेब?"

"नदीच्या. का?"

"काही नाही. वाक्य पूर्ण आहे, नेमकं आहे. आणि मनापासून बोललात."

मग सगळं गाव एका आवाजात म्हणालं, "कोठार उघडं आहे."

कुलूप शिंकलं. अडसर स्वतःहून सरकला आणि तांदळाचा लोंढा पायऱ्यांवरून गुडघ्यापर्यंत आला. साहेब ओरडले, "शिपाई, धरा ह्यांना!"

शिपायाने त्यांना आपादमस्तक न्याहाळलं. "कोण रे तू? ढकलाढकली करू नकोस."

"अरे, मी... मी..." पुढचा शब्द जिभेवर येईना.

काकूने त्यांच्या हातात रिकामी टोपली दिली. "म्हातारबा, रांग मागून आहे."

आपल्या वाटणीचे तांदूळ घेऊन गुरुजी घरी आले. चूल पेटवली, कोरा कागद पसरला, शाई उगाळली आणि नव्या ग्रंथाचं पहिलं वाक्य लिहिलं: 'ज्यांना जाळायचा असेल त्यांनी खुशाल जाळावा, फक्त रीतीने.'